पाण्यासाठी थांबा

नेरळहून माथेरानला जाणाऱ्या छोट्या गाडीच्या वाटेवर मधे तीन स्टेशनं लागतात: जुम्मापट्टी, वॉटर पाइप आणि अमन लॉज. पहिलं नाव वाडीचं. तिसरं ऐकलं की एखादा जुना बंगला डोळ्यांपुढे येतो. मधलं मात्र चक्क नळाचं नाव आहे. ना गाव, ना देव, ना कुणी साहेब. उतारू पाटी वाचून हसतात, तिच्यासमोर फोटो काढतात, लिंबू सरबत घेतात, तेवढ्यात शिट्टी होते आणि गाडी हलते.

या साऱ्या मार्गावर इतकं खरं बोलणारं दुसरं नाव नाही. डोंगरातलं छोटं स्टेशन मुळात इंजिनाच्या सोयीसाठी जन्माला येतं. उतारू त्याचा फायदा घेतात, एवढंच. इंजिनाला तहान कुठे लागते, दोन गाड्यांची गाठ कुठे पडते, ब्रेक कुठे तपासायचे, यावर त्याची जागा ठरते. ती गरज बदलली की स्टेशनाचं नशीबही बदलतं. या तीन स्टेशनांचा शंभर-सव्वाशे वर्षांचा इतिहास वाचायचा तर राजेरजवाडे आणि उद्घाटनं बाजूला ठेवून तो असाच वाचावा लागतो.

तरी थोडं मागे जाऊ. १८५० च्या मे महिन्यात ठाण्याचे कलेक्टर ह्यू मॅलेट हा डोंगर चढून गेले आणि माथेरानचा 'शोध' लागला, असं लिहायची पद्धत आहे. डोंगराच्या अंगाखांद्यावर ठाकर, कातकरी, धनगर आधीपासून नांदत होते. त्यांच्या लेखी डोंगर कधी हरवलेला नव्हता. पुढच्या काही वर्षांत जीआयपी, म्हणजे ग्रेट इंडियन पेनिन्शुला रेल्वे नेरळपर्यंत आली. मुंबईहून नेरळ सोपं झालं, पण नेरळहून वर जायला जवळजवळ पन्नास वर्षं घोडा, पालखी नाहीतर स्वतःचे पाय हेच वाहन होतं. मुंबईचे व्यापारी सर आदमजी पीरभॉय यांनी पैसा उभा केला आणि त्यांचे चिरंजीव अब्दुल हुसेन यांनी रेल्वे बांधली. १९०४ मध्ये काम सुरू झालं, २२ मार्च १९०७ रोजी गाडी धावू लागली. खर्च आला १६ लाख रुपये.

सल्लागार इंजिनीअर होते एव्हरार्ड कॅलथ्रॉप. सोलापूरकडच्या वाचकांना हे नाव परकं वाटायला नको, कारण १८९७ मध्ये धावू लागलेली बार्शी लाइट रेल्वे याच माणसाची. पुढे हेच गृहस्थ वैमानिकांसाठी पॅराशूट बनवण्याच्या नादी लागले. डोंगर चढवायचा आणि आकाशातून सुखरूप उतरवायचं, दोन्हींत त्यांना सारखाच रस असावा.

रूळ दोन फुटी, म्हणजे ६१० मिलिमीटर रुंदीचे. लांबी सुमारे २० किलोमीटर, चढ साडेसातशे मीटरच्या आसपास. भागाकार केला तर सरासरी चढ निघतो सत्तावीस मीटरला एक मीटर. ही झाली सरासरी. सगळ्यात कडक चढ आहे वीसला एक. ब्रॉडगेजवर भोर घाटातला सदतीसला एकचा चढ देशातल्या खड्या चढांत मोजला जातो आणि तिथे गाडीला मागून जोर द्यायला जादा इंजिनं लावतात, हे लक्षात घेतलं म्हणजे वीसला एक काय चीज आहे ते कळेल. वीसला एकच्या चढावर उभ्या केलेल्या दर टनाला मागे खेचणारा जोर असतो ५० किलो वजनाइतका. इंजिनासकट ४० टनांची गाडी धरली तर दोन टनांचा जोर तिला सतत नेरळकडे ओढत असतो. झोपेत, जागेपणी, फोटो काढतानाही.

आता पाण्याचा हिशेब. तो केल्याशिवाय वॉटर पाइप कळायचं नाही. ही ४० टनांची गाडी ७५० मीटर वर न्यायची तर नुसतं वजन उचलण्याचं काम भरतं सुमारे २९ कोटी ज्यूल. वळणांवर चाकाची कड रुळाला घासते, बेअरिंगं घासतात, त्याचे आणखी सात-आठ कोटी धरा. छोट्या वाफेच्या इंजिनात कोळशाच्या उष्णतेपैकी शेकडा पाच भाग प्रत्यक्ष ओढण्याच्या कामी आला तर पुष्कळ झालं. बाकी सगळी धुराड्यातून आणि वाफेच्या फवाऱ्यातून आकाशात जाते. म्हणजे जवळजवळ ३०० किलो कोळसा. एक किलो कोळसा सहा-सात लिटर पाण्याची वाफ करतो. तेव्हा एका चढणीला दोन हजार लिटर पाणी, आणि गळती, सेफ्टी व्हॉल्व्हमधून उडणारी वाफ, बॉयलरची पातळी दाखवणारी काच तपासताना सोडलेलं पाणी धरलं तर त्याहूनही जास्त.

मग सगळं पाणी नेरळलाच का भरून घेऊ नये? कारण हजार लिटर पाणी म्हणजे एक टन वजन. ते इंजिनाने वाहायचं, वर आणखी ५० किलोची ओढ सोसायची. शिवाय सुरुवातीचे रूळ होते यार्डाला ३० पौंडाचे, म्हणजे मीटरला जेमतेम १५ किलोचे. आज मुख्य मार्गावर मीटरला ६० किलोचा रूळ असतो, त्याचा चौथा हिस्सा. अशा काडीवर किती वजन टाकायचं याला मर्यादा असते. पुढे ४२ पौंडी रूळ आले, पण इंजिनाची टाकी काही मोठी झाली नाही.

यात आणखी एक गंमत आहे. या इंजिनांच्या टाक्या बॉयलरच्या दोन्ही अंगांना असत, त्यामुळे पाण्याचा भार थेट चाकांवर पडे. चाक रुळाला धरून राहतं ते वजनामुळे. कोरड्या रुळावर, चाकांवरच्या वजनाच्या साधारण चौथ्या हिस्स्याएवढा जोर घसरण्याआधी लावता येतो. ओल्या रुळावर, त्यात कुजलेलं पान चिरडलं गेलं असेल तर, तो आठव्या-दहाव्या हिस्स्यावर येतो. पाणी संपत जातं तसं इंजिन हलकं होतं आणि नेमकं वरच्या चढावर चाकं जागच्या जागी गरगर फिरू लागतात. उपाय म्हणजे चाकापुढे वाळू सोडणं. वाळू मात्र कोरडी हवी. दमट वाळू नळीत गठ्ठा होऊन बसते आणि ऐन वेळी काही केल्या खाली येत नाही. थोडक्यात, टाकी भरलेली असणं हे तहानेइतकंच पकडीसाठीही गरजेचं. अर्ध्या वाटेवर पाणी घेण्यामागे दोन्ही हिशेब आहेत.

तिसरा हिशेब थंडाव्याचा. टाकीतलं पाणी बॉयलरमध्ये ढकलतो तो इंजेक्टर. त्यात एकही हलता भाग नसतो. वाफेची धार थंड पाण्यात शिरून तिचं पाणी होतं आणि त्या वेगावर पाणी आत जातं. पाणी कोमट झालं की वाफेचं नीट पाणी होत नाही, इंजेक्टर थुंकू लागतो आणि बंद पडतो. मे महिन्यात, तापलेल्या बॉयलरला चिकटलेल्या अर्धवट रिकाम्या टाकीतलं पाणी किती गरम होत असेल याची कल्पना करा. फायरमन अशा वेळी इंजेक्टरवर ओली चिंधी टाकतो. खरा इलाज मात्र थंड पाण्याचा भर हाच.

आता वॉटर पाइपच्या सपाटीवर इंजिन येऊन उभं राहतं तो क्षण जरा जवळून बघू. केबिनमध्ये ड्रायव्हरच्या डोळ्यांसमोर एक उभी काचेची नळी असते. तिला बोलीत पाण्याची काचच म्हणतात. बॉयलरमधलं पाणी किती वर आहे ते तिच्यात दिसतं. पण पाणी आपली पातळी सोडत नाही, तिरका होतो तो बॉयलर. वीसला एकच्या चढावर तीन मीटर लांबीच्या बॉयलरच्या एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत पातळीत १५ सेंटिमीटरचा फरक पडतो. डोंगरी रेल्वेवर इंजिनाचं धुराडं चढाकडे ठेवण्याची रीत आहे, म्हणजे पाणी मागे, कोळसा जळतो त्या फायरबॉक्सवर गोळा होतं. काचही मागेच असते. त्यामुळे चढावर काच आहे त्यापेक्षा जास्त पाणी दाखवते. नवख्या माणसाला वाटतं, बॉयलर तुडुंब भरलाय. गाडी सपाटीवर आली की काचेतलं पाणी एकदम चार बोटं खाली बसतं, आणि खरी शिल्लक किती ते तिथे कळतं.

धुराडं चढाकडे ठेवायचं कारणही याच काचेत आहे. फायरबॉक्सचं छप्पर कायम पाण्याखाली असावं लागतं. वरून पाणी सरकलं की जाळाच्या झळीने पत्रा लाल होतो, मऊ पडतो आणि आतल्या दाबाखाली खाली दबतो. तिथून पुढची गोष्ट स्फोटाची. म्हणून त्या छपरात शिशाचं बूच बसवलेलं असतं. पाणी हटलं की शिसं वितळतं, वाफ आगीवर कोसळते आणि आग विझते. गाडी रखडते, माणसं वाचतात. उतरतानाही धुराडं चढाकडेच, म्हणजे इंजिन उलटं, म्हणजे पाणी पुन्हा फायरबॉक्सवर. धुराडं उताराकडे करून इंजिन खाली न्यायचं ठरवलं तर हेच १५ सेंटिमीटर उलट्या बाजूला जाऊन जिवावर उठतील.

पाणी भरण्याची क्रिया बाहेरून बघताना सोपी दिसते. उंचावर टाकी, तिथून नळ, नळाच्या टोकाला लवचीक होज, ती इंजिनाच्या टाकीच्या तोंडात. टाकी तीन मीटर उंच असली तरी नळाला दाब मिळतो वातावरणाच्या तिसऱ्या हिस्स्याहूनही कमी. म्हणून नळ जाड लागतो. बारीक नळाने हजार लिटर भरायला बसलं तर गाडीचं वेळापत्रक कोलमडतं. डोंगराने इथे थोडी मदत केली आहे. माथेरानचा माथा जांभ्या दगडाचा आहे, त्याच्याखाली काळा बेसाल्ट. जांभा पावसाचं पाणी पितो, बेसाल्ट ते खाली जाऊ देत नाही, मग दोन्हींच्या सांध्यावर झरे फुटतात. पावसाचं मुरलेलं हे पाणी मऊ असतं, बॉयलरमध्ये त्याची पुटं कमी चढतात. पण त्यात पालापाचोळा, शेवाळ, माती आली की निराळा ताप सुरू होतो. बॉयलरमध्ये फेस धरतो, फेस वाफेबरोबर सिलिंडरमध्ये जातो, आणि पाणी काही दाबलं जात नाही. सिलिंडरचं झाकण फुटायला एवढं कारण पुरतं. नळाच्या तोंडाशी बसवलेली साधी जाळी साफ ठेवणं हे त्या काळी स्टेशनमास्तरच्या टोपीइतकं दिसत नसेल, महत्त्वाला मात्र रतिभरही कमी नव्हतं.

ज्या इंजिनांसाठी हा सगळा खटाटोप, ती चार होती. जर्मनीच्या ओरेनस्टाइन अँड कॉपेल कारखान्यातली, ७३८ ते ७४१ क्रमांकांची. तीन जोड्या चाकं, सहाच्या सहा जोर लावणारी. वळणं इतकी आवळ की तीन ताठ आसांचं इंजिन त्यांत अडकून बसलं असतं. तोड होती क्लीन-लिंडनर आस. पुढच्या आणि मागच्या जोडीचा आस पोकळ, त्याच्या पोटातून दुसरा भरीव आस, दोघांची गाठ मध्यावर एका गोळ्यात. भरीव आस चौकटीत ताठ फिरतो, पोकळ आस चाकांसकट वळणाप्रमाणे किंचित तिरका होतो, बाजूलाही सरकतो. कल्पना देखणी. तोटा असा की झिजतो तो नेमका आतला गोळा, आणि तिथवर तेल पोचवणं हे मोठं किचकट काम. दोनशेहून जास्त वळणं रोज घेणाऱ्या गोळ्याचं काय होत असेल ते सांगायला नको. या चारांतलं एक इंजिन पुढे सातासमुद्रापार इंग्लंडमध्ये, लेटन बझर्ड रेल्वेवर गेलं.

रुळाची आखणी करतानाही एक शहाणपण दाखवलेलं आहे. दार्जिलिंगच्या मार्गावर गाडी जागोजागी थांबून उलटी चालवत झेड आकारात वर नेतात. इथे तशी एकही जागा नाही. त्याऐवजी भराव घालून घोड्याच्या नालेसारखं मोठं वळण केलं. मार्गावर बोगदा एकच, तोही इतका छोटा की 'वन किस टनेल' नाव पडलं. नावाचा अर्थ सांगायला लागतो अशा वयात फार कुणी या गाडीत बसत नसावं.

स्टेशनाला सपाट जागा लागते ती केवळ काचेसाठी नव्हे. वीसला एकवर थांबलेली गाडी पुन्हा हलवणं कठीण, आणि ब्रेक सुटला तर ती थांबवणं त्याहून. डोंगराच्या कुशीत पाचपन्नास मीटर सपाटी मिळवायची म्हणजे एका अंगाने कातळ फोडायचा, दुसऱ्या अंगाने भिंत बांधून भराव घालायचा. सपाटी जितकी लांब तितका खर्च, म्हणून ती तोलून मापून असते, आणि ती किती लांब त्यावर गाडीला किती डबे लावायचे ते ठरतं. एकेरी मार्गावर समोरासमोरच्या गाड्या एकमेकींना ओलांडतात ते इथेच. एक लूपमध्ये, म्हणजे बाजूच्या जादा रुळावर उभी राहते, दुसरी निघून जाते. दोन रुळांच्या मधे जमिनीत एक आडवी खूण असते, फाउलिंग मार्क. गाडीचा शेवटचा डबा त्या खुणेच्या आत आला पाहिजे. एक हात बाहेर राहिला तरी शेजारून जाणारी गाडी त्याला घासणार. चारशे माणसांच्या स्टेशनात ही खूण कुणाला दिसत नाही. जुम्मापट्टीच्या बाकावर बसलात तर पायाशीच असते.

गाडीला एका रुळावरून दुसऱ्यावर वळवणारे सांधे हाताने फिरवायचे. लोखंडी दांडा ओढला की सांध्याची निमुळती जीभ एका रुळाला सोडून दुसऱ्याला चिकटते. चिकटली पाहिजे हे खरं, पण वरून सतत जांभ्याचे बारके खडे घरंगळत असतात. एखादा जीभ आणि रूळ यांच्यात बसला आणि चार-पाच मिलिमीटरची फट राहिली, की येणाऱ्या चाकाची कड त्या फटीत शिरायला बघते. मग पुढचं चाक एका मार्गाला आणि मागचं दुसऱ्या. म्हणून सांधेवाल्याजवळ दांड्याइतकाच उपयोगी असतो तो खराटा. दांडा ओढण्याआधी झाडायचं, ओढल्यावर वाकून डोळ्याने बघायचं.

चढ ही इंजिनाची परीक्षा, उतार ब्रेकची. मघाशी ४० टन वर न्यायला जे २९ कोटी ज्यूल खर्ची पडले ते उतरताना कुठेतरी जिरवायचे असतात, आणि जिरतात ते ब्रेकच्या ठोकळ्यांत. एवढ्या उष्णतेत ९०० लिटर गार पाणी उकळीला येईल. ही उष्णता दीड-दोन तासांत चाकांवर आणि ओतीव लोखंडाच्या ठोकळ्यांवर निघते. या रेल्वेवर कित्येक वर्षं डब्याडब्यावर ब्रेक धरणारा माणूस असे. इंजिनाची शिट्टी ऐकायची आणि चाक फिरवून ब्रेक आवळायचा, दुसऱ्या शिट्टीवर सोडायचा. ऐकायला सोपं. प्रत्यक्षात एकाने जास्त आवळला तर त्या डब्याची चाकं फिरायची थांबून रुळावर घसटत जातात, घसटल्या जागी सपाट चट्टा पडतो, आणि मग ते चाक मरेपर्यंत टक टक करत राहतं. एकाने कमी आवळला तर त्याचा भार पुढच्यावर. वळणावर मागचा डबा ढकलतोय आणि पुढचा अडतोय, असं झालं की मधला हलका डबा रूळ सोडायला बघतो. हे सगळे हात एका तालात ठेवायला मधली स्टेशनं हवीत. गाडी थांबते, कुणीतरी खाली उतरून चाकाजवळ हात नेतं, जास्त तापलेला ठोकळा कोणता ते पाहतं, झिजलेल्याची नोंद होते. उतारूंना वाटतं, गाडी करवंद-जांभळं विकत घेण्यासाठी थांबली आहे.

२०१६ च्या मे महिन्यात आठवड्याभरात दोनदा डबे रुळावरून उतरले आणि गाडी बंद झाली. त्यानंतर डब्यांना एअर ब्रेक आले. एकाच नळीतल्या हवेने सगळ्या डब्यांचे ठोकळे एकदम आवळले जातात, आणि नळी तुटली तर आपोआप आवळले जातात. ही दुसरी गोष्ट जास्त मोलाची. शिट्टीवर चालणारा ब्रेक, शिट्टी ऐकू आली नाही तर लागत नाही. हवेचा ब्रेक काही बिघडलं तर लागतो. जुन्या पद्धतीतली माणसाची कसब पाहून हळहळ वाटते हे खरं, पण दरीच्या कडेने जाणाऱ्या डब्यात बसायचं झालं तर हवेवर भरवसा ठेवलेला बरा.

वाफेची इंजिनं १९८० च्या दशकाच्या सुरुवातीपर्यंत चालली. जर्मनीच्या युंग कारखान्यातली एनडीएम-१ डिझेल इंजिनं १९५० च्या दशकातच आली होती, नव्वदच्या दशकाच्या अखेरीस बेंगळुरूच्या सॅन कंपनीची एनडीएम-६ आली. डिझेलला वाटेत पाणी लागत नाही. त्याला पाण्याची काच नाही, पाण्याचा इंजेक्टर नाही, शिशाचं बूच नाही. एका फटक्यात वॉटर पाइपचं मूळ कारण गेलं, नाव आणि सपाटी उरली. रेल्वेवर अशी पुष्कळ स्टेशनं आहेत. कारण गेल्यावर काहींची पाटीही गेली. हे तगलं ते लूपमुळे, ब्रेकच्या तपासणीमुळे, आणि थोडं पाटीसमोरच्या फोटोंमुळेही.

उलट अमन लॉजचं. वाफेच्या काळात शेवटच्या टप्प्यातला तो एक थांबा, फार कौतुक करावं असं काही नाही. मग नेरळहून मोटारीचा रस्ता दस्तुरी नाक्यापर्यंत चढला आणि तिथेच थांबला, कारण त्यापुढे माथेरानात मोटारीला बंदी. २००३ मध्ये हा सगळा परिसर पर्यावरणदृष्ट्या संवेदनशील म्हणून जाहीर झाला. मोटारीतून उतरलेल्या माणसापुढे तीनेक किलोमीटर लाल मातीची वाट, घोडा, हातरिक्षा किंवा अमन लॉजहून सुटणारी शटल, एवढेच पर्याय उरले. २०२२ च्या अखेरीस त्यांत ई-रिक्षाची भर पडली. आता परिस्थिती अशी की नेरळहून पूर्ण मार्गाने दिवसाला मोजक्या फेऱ्या, आणि अमन लॉजहून दिवसभर ये-जा. शंभर वर्षं जे स्टेशन मार्गातलं शेवटून दुसरं होतं, ते बहुतेकांच्या लेखी आता पहिलं झालं. इंजिनाची गरज संपली आणि मोटारीच्या मर्यादेने स्टेशन घडवलं. वॉटर पाइपच्या उतरणीला आणि अमन लॉजच्या चढणीला कारण एकच, पेट्रोल-डिझेल.

शटल पावसाळ्यातही चालवणं जमतं त्याचं कारण भूगोलात आहे. तो टप्पा माथ्यावरचा, बऱ्यापैकी सपाट. खालचा मार्ग मात्र दरवर्षी साधारण जूनच्या मध्यापासून ऑक्टोबरच्या मध्यापर्यंत बंद असतो. वीसला एकने उतरणारा, दोन्ही बाजूंनी कापलेला, खडीने भरलेला रूळमार्ग म्हणजे पाण्यासाठी आयता पाट. बिघडतं ते बहुधा एका मोरीपासून, म्हणजे रुळांखालून पाणी जाण्याच्या वाटेपासून. वरून आलेली फांदी मोरीच्या तोंडाशी आडवी होते, तिला पानं अडकतात, पानांना दगड. पाणी मोरी सोडून रुळांवर चढतं आणि रुळांच्याच वाटेने खाली धावतं. आधी खडी जाते, मग तिच्याखालची माती. शेवटी दोन रूळ आणि त्यांना लटकलेले स्लीपर, दरीवर तोरणासारखे. २६ जुलै २००५ ला, सांताक्रूझला एका दिवसात ९४४ मिलिमीटर पाऊस पडला त्या दिवशी, हेच या मार्गावर जागोजागी झालं. गाडी पुन्हा धावायला २००७ साल उजाडलं, तेव्हा रेल्वेला शंभर वर्षं पूर्ण होत होती. २०१६ च्या बंदनंतर पूर्ण मार्ग जानेवारी २०१८ मध्ये खुला झाला. ऑगस्ट २०१९ च्या पावसाने तो पुन्हा नेला, आणि परत यायला ऑक्टोबर २०२२ लागला.

मार्ग राखायचा तर खर्चाची बाब रूळ कमी आणि गटार जास्त. कटिंगच्या, म्हणजे डोंगर कापून केलेल्या वाटेच्या वरच्या अंगाला एक आडवं गटार लागतं, म्हणजे डोंगराचं पाणी रुळापर्यंत पोचायच्या आतच वळतं. भराव धरणाऱ्या भिंतीला मीटर-दीड मीटरवर भोकं ठेवावी लागतात, नाहीतर मागे साठलेलं पाणीच भिंत ढकलून देतं. जाळीत दगड भरून रचलेली गॅबियनची भिंत इथे सिमेंटच्या भिंतीपेक्षा शहाणी, कारण तिच्यातून पाणी झिरपतं आणि जमीन थोडी खचली तर ती वाकते, तडकत नाही. आणि सगळ्यांत स्वस्त, सगळ्यांत दुर्लक्षित काम म्हणजे मे संपायच्या आत प्रत्येक मोरीत वाकून बघणं. अशा लहान-मोठ्या मोऱ्या आणि पूल इथे शंभराहून जास्त आहेत.

डबे मोठ्या दुरुस्तीला जातात कुर्डुवाडीच्या कारखान्यात. तो कारखाना बार्शी लाइट रेल्वेचा, कॅलथ्रॉपच्याच दुसऱ्या लेकराचा. बार्शीचा अडीच फुटी मार्ग केव्हाच ब्रॉडगेज झाला, कारखाना मात्र धाकट्या भावंडाचे डबे दुरुस्त करायला उरला.

आणि वॉटर पाइप? इंजिनं तिथे पाणी पीत नाहीत, पण नाव खोटं पडलेलं नाही. माथेरानला आज बरंचसं पाणी जातं ते खालच्या उल्हास नदीतून. साडेसातशे मीटर उंचीवर पाणी एका दमात चढवायचं म्हटलं तर तळाच्या पाइपला सुमारे ७३ वातावरणांचा दाब सोसावा लागेल. तेवढ्या जाडीचा पाइप आणि तेवढ्या ताकदीचा पंप परवडत नाही, म्हणून पाणी टप्प्याटप्प्याने उपसतात. एका टाकीत आणायचं, तिथून पुढच्या पंपाने उचलायचं. त्यातला एक टप्पा जुम्मापट्टीला आहे आणि त्याच्या वरचा वॉटर पाइपला. वीज गेली किंवा तिथला पंप बसला की वर बाजारपेठेतले नळ कोरडे पडतात.